अपिलात शिक्षा रद्द झाली म्हणजे नेमकं काय झालं?



विषय जरा जड आहे. पण २५ एप्रिल २०२४ ला न्यूयॉर्कच्या सर्वोच्च कोर्टाने हॉलिवूडचा निर्माता हार्वी वाइनस्टीन याची शिक्षा रद्द केली, आणि त्यानंतर आपल्या मंडळींत जेवणाच्या टेबलांवर जी मतं ऐकू आली ती ऐकून वाटलं की यावर कुणीतरी सविस्तर लिहायला हवं. एका बाजूचं म्हणणं, "बघा, बाया खोटं बोलत होत्या, शेवटी सुटलाच." दुसऱ्या बाजूचं, "पैसेवाल्यांना सगळं माफ असतं हो!" गंमत म्हणजे कोर्टाने या दोन्हींतलं काहीच म्हटलं नव्हतं. आणि आपल्या मुली-सुना हे सगळं ऐकत असतात. उद्या त्यांच्यावर काही प्रसंग आला तर "कोर्टात काही खरं नसतं" एवढंच त्यांच्या डोक्यात राहणार असेल, तर ते आम्हाला बरं वाटत नाही.

आम्ही वकील नाही, हे आधीच सांगून टाकतो. पोटापाण्याचा धंदा सॉफ्टवेअरचा, शिक्षण इंजिनियरिंगचं. पण निकालपत्रं वाचायला वकिलीची पदवी लागत नाही, थोडा धीर लागतो. इथली आणि भारतातली कोर्टं आपली निकालपत्रं इंटरनेटवर ठेवतात. ती वाचून जे समजलं ते आपल्या भाषेत मांडतो आहोत.

अपील म्हणजे पुन्हा खटला नव्हे

आपल्यापैकी बरेच जण आमच्याच धंद्यातले, म्हणून एक उदाहरण. रात्री दोनला सर्व्हर पडला. त्या वेळी जो माणूस स्क्रीनसमोर बसला होता त्याने सगळं डोळ्यांनी पाहिलं. सकाळी आपण येतो तेव्हा आपल्या हातात असते फक्त लॉग फाइल. जे लॉगमध्ये आलं नाही ते आपल्यासाठी घडलंच नाही. अपील कोर्टाचं थेट असंच असतं. साक्षीदार पुन्हा येत नाहीत, उलटतपासणी पुन्हा होत नाही. न्यायमूर्तींपुढे असतात छापील साक्षी, वैद्यकीय अहवाल, कागदपत्रं आणि खालच्या कोर्टाचा निकाल. बाई साक्ष देताना थरथरत होती की नाही, आरोपी कुठल्या प्रश्नाला अडखळला, हे कागदावर दिसत नाही. ज्याने प्रत्यक्ष पाहिलं त्याच्या मताला मान द्यायचा, हा अपिलाचा पहिला नियम त्यातूनच आला आहे.

आता हा मान किती द्यायचा, इथे अमेरिका आणि भारत यांच्या वाटा वेगळ्या होतात.

अमेरिकेत दोषी की निर्दोष हे बहुतेक वेळा ज्युरी ठरवते. ज्युरी कारणं देत नाही. बारा जण येतात, "गिल्टी" किंवा "नॉट गिल्टी" म्हणतात, घरी जातात. त्यांनी कुणावर का विश्वास ठेवला हे कुठेच लिहिलेलं नसतं. मग अपील कोर्ट तपासणार तरी काय? अमेरिकी सुप्रीम कोर्टाने १९७९ साली 'जॅक्सन विरुद्ध व्हर्जिनिया' या खटल्यात त्याची कसोटी घालून दिली. सगळा पुरावा सरकारी पक्षाला जास्तीत जास्त अनुकूल अशा नजरेने पाहायचा आणि एकच प्रश्न विचारायचा: कुठल्याही समंजस ज्युरीला यावरून वाजवी शंकेपलीकडे गुन्हा सिद्ध झाला असं वाटू शकलं असतं का? "आम्ही ज्युरीत असतो तर काय केलं असतं" हा प्रश्नच नाही. त्यामुळे पुरावा अपुरा आहे म्हणून शिक्षा रद्द होणं इथे तसं अवघड आहे. आणि झालीच, तर त्या आरोपावर पुन्हा खटला भरता येत नाही. हे १९७८ च्या 'बर्क्स' खटल्यात ठरलं.

याउलट खटला चालवण्यात कायद्याची चूक झाली असेल, म्हणजे जो पुरावा ज्युरीपुढे यायला नको होता तो आला किंवा न्यायाधीशांनी ज्युरीला चुकीची सूचना दिली, तर शिक्षा रद्द होते पण फेरखटला होऊ शकतो. त्यातही दोन चाळण्या आहेत. एक, ही हरकत खटल्यातच वेळेवर घेतलेली असावी लागते. तिकीटच उघडलं नाही तर नंतर बग दुरुस्त होत नाही, तसं! दुसरी, चूक निकालावर परिणाम करण्याइतकी मोठी असावी लागते. सगळ्याच चुका 'घातक' नसतात.

वाइनस्टीनच्या बाबतीत जे झालं ते या दुसऱ्या प्रकारातलं. (जाता जाता एक गंमत: न्यूयॉर्क राज्यात 'सुप्रीम कोर्ट' हे खालचं कोर्ट असतं, आणि सगळ्यात वरच्याला 'कोर्ट ऑफ अपील्स' म्हणतात. बातम्या वाचताना निम्मा गोंधळ इथेच होतो.) २०२० च्या खटल्यात, ज्यांच्या तक्रारींवरून खटला उभा होता त्या स्त्रियांशिवाय आणखी तीन स्त्रियांना साक्षीला बोलावलं होतं. त्यांच्यावर झालेल्या अत्याचारांबद्दल त्या खटल्यात आरोपच नव्हता. न्यूयॉर्कमध्ये १९०१ सालच्या 'मोलिन्यू' नावाच्या विषप्रयोगाच्या खटल्यापासून नियम आहे की माणूस 'तसलाच' आहे हे दाखवण्यासाठी त्याची दुसरी कृत्यं ज्युरीपुढे आणता येत नाहीत. हेतू, योजना, ओळख असं काही ठराविक सिद्ध करायचं असेल तरच आणता येतात. चार विरुद्ध तीन मतांनी कोर्ट म्हणालं, इथे ती मर्यादा ओलांडली गेली, खटला पुन्हा चालवा. ज्या तीन न्यायमूर्तींनी विरोध केला त्यांचा युक्तिवादही तितकाच जोरदार होता: ओळखीतल्या, ताकदवान माणसाकडून होणाऱ्या अत्याचारात संमतीचा प्रश्न समजायचा तर त्याची पद्धत दिसणं गरजेचं असतं. आम्हाला स्वतःला विरोधी मत जास्त पटलं, पण बहुमताचा मुद्दाही समजण्यासारखा आहे. शेजारच्या मुलाला एकदा चोरी करताना पकडलं म्हणून प्रत्येक चोरी त्याच्या माथी मारता येत नाही ना!

पण त्या स्त्रिया खोटं बोलल्या, असं कोर्टाने कुठेही म्हटलं नाही. २०२५ च्या जूनमध्ये फेरखटल्याचा निकाल लागला. एका आरोपावर पुन्हा दोषी, एकावर निर्दोष, आणि एकावर ज्युरीचं एकमत झालं नाही. कॅलिफोर्नियातली २०२३ ची सोळा वर्षांची शिक्षा वेगळीच, तिला न्यूयॉर्कच्या निकालाने धक्का लागला नाही.

बिल कॉस्बीचं तर आणखी वेगळं. ३० जून २०२१ ला पेनसिल्व्हेनियाच्या सुप्रीम कोर्टाने त्याला सोडलं. कारण? २००५ साली तिथल्या सरकारी वकिलाने खटला भरणार नाही असं जाहीर केलं होतं, त्यावर विसंबून कॉस्बीने दिवाणी दाव्यात आपल्याविरुद्ध जाणारी जबानी दिली, आणि नंतरच्या सरकारी वकिलाने तीच त्याच्याविरुद्ध वापरली. सरकारने शब्द मोडला म्हणून सुटका. पुराव्याचं वजन करण्याचा प्रश्नच आला नाही. तरीही आपल्याकडे लोक "निर्दोष सुटला" म्हणतात.

भारतात कारणं लिहावी लागतात

भारतात आता ज्युरी नाही. नानावटी खटल्याची गोष्ट आपल्या आई-बाबांच्या पिढीला तोंडपाठ असते. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ज्युरी उरलीच नाही. न्यायाधीशच पुरावा ऐकतो आणि कुणावर का विश्वास ठेवला हे सविस्तर लिहितो. शिक्षेविरुद्ध उच्च न्यायालयात अपील गेलं की सगळा पुरावा नव्याने तोलला जातो. सुप्रीम कोर्ट मात्र सहसा वस्तुस्थितीत शिरत नाही, ढोबळ अन्याय झाला असेल तरच. आणखी एक मोठा फरक: अमेरिकेत आरोपी निर्दोष सुटला की विषय संपला, सरकारला त्याविरुद्ध अपील करता येत नाही. भारतात येतं. पण तिथेही बंधन आहे. २००७ च्या 'चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक' या निकालात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की सुटलेल्या माणसाच्या बाजूने निर्दोषत्वाचं गृहीतक दुप्पट होतं. पुराव्यातून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील तर सुटका उलटवू नये.

कारणं लिहावी लागतात याचा एक फायदा असा की ती आपल्याला वाचता येतात. आणि तोटा असा की ती वाचून कधीकधी झोप लागत नाही.

आपल्या महाराष्ट्रातलंच प्रकरण घ्या. २६ मार्च १९७२ ची रात्र. देसाईगंज पोलीस ठाणं, तेव्हाचा चंद्रपूर जिल्हा, आता गडचिरोली. भावाच्या तक्रारीवरून एका आदिवासी, अनाथ, मजुरी करणाऱ्या मुलीला जबाबासाठी ठाण्यात बोलावलं होतं. वय चौदा ते सोळाच्या मधलं. जबाब झाले, बाकीचे बाहेर पडले, तिला मागे थांबायला सांगितलं. एका कॉन्स्टेबलने बलात्कार केला आणि हेडकॉन्स्टेबलने तिच्या अंगाला हात घातला, असा आरोप. कायद्याच्या पुस्तकांत हा खटला 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य', लोकांच्या बोलण्यात 'मथुरा प्रकरण'.

एकाच पुराव्याचं तीन कोर्टांनी काय केलं पाहा. चंद्रपूरच्या सत्र न्यायालयाने १९७४ मध्ये दोघांना सोडलं. म्हटलं, मुलगी खोटारडी आहे, तिला शरीरसंबंधाची सवय होती, तिने संमती दिली असणार. १९७६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला. त्यांचा तर्क सरळ होता: रात्रीची वेळ, पोलीस ठाणं, दोघेही तिला परके, तिच्या भावाची तक्रार त्यांच्याच हातात. अशा ठिकाणी भीतीने गप्प राहणं म्हणजे संमती नव्हे. एकाला पाच वर्षं, दुसऱ्याला एक वर्ष. मग आरोपी सुप्रीम कोर्टात गेले आणि १५ सप्टेंबर १९७८ ला दोघेही सुटले.

सुप्रीम कोर्टाने कशावर वजन टाकलं? दुसऱ्या दिवशी रात्री आठला झालेल्या वैद्यकीय तपासणीत अंगावर जखमा नव्हत्या. म्हणजे प्रतिकार झाला नाही. ती ओरडल्याचं सांगते पण ते विश्वासार्ह नाही. भाऊ जवळच असताना तिला मागे थांबवलं तेव्हा तिने विरोध केला नाही. आणि कायद्यात 'भीती' म्हणजे मृत्यूची किंवा इजेची भीती, ती सिद्ध झालेली नाही. ठाण्याबाहेर येताच तिने जमलेल्या लोकांना काय झालं ते सांगितलं होतं, कपड्यांवर वीर्याचे डाग मिळाले होते. पण या गोष्टींनी फक्त संबंध झाल्याचं दिसतं, जबरदस्ती नव्हे, असा एकूण सूर.

आमच्या मते इथली चूक पुराव्यात नव्हती, पुरावा पाहण्याच्या चष्म्यात होती. "खरंच अत्याचार झाला असता तर मुलीने असं केलं असतं" अशी एक प्रतिमा आधीच मनात धरायची आणि समोरची मुलगी तिच्याशी जुळत नाही म्हणून तिला खोटी ठरवायची. १६ सप्टेंबर १९७९ ला उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या कायद्याच्या चार अध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं आणि नेमकं यावर बोट ठेवलं: शरण जाणं आणि संमती देणं यांत फरक आहे, आणि ठाण्यातल्या गरीब मुलीची परिस्थिती कोर्टाने पाहिलीच नाही. त्यानंतर देशभर मोर्चे निघाले, मुंबईतही बायका रस्त्यावर आल्या. त्या मुलीच्या निकालात काहीच बदललं नाही. कायदा मात्र बदलला. १९८३ च्या दुरुस्तीने पुरावा कायद्यात कलम ११४अ आलं: पोलीस कोठडीसारख्या ठिकाणी संबंध झाल्याचं सिद्ध झालं आणि स्त्रीने कोर्टात संमती नव्हती असं सांगितलं, तर कोर्टाने संमती नव्हती असंच गृहीत धरायचं. १ जुलै २०२४ पासून जुना पुरावा कायदा जाऊन भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यातही ही तरतूद आहे.

विसंगती किती चालते?

अपिलात बचाव पक्षाचं सगळ्यात आवडतं हत्यार म्हणजे विसंगती. पोलिसांना एक सांगितलं, कोर्टात दुसरं. भारतात पोलीस जो जबाब लिहून घेतात त्यावर साक्षीदाराची सही नसते, शब्द बऱ्याचदा लिहिणाऱ्या हवालदाराचे असतात. तो स्वतंत्र पुरावा धरत नाहीत, साक्षीदाराला खोडून काढण्यापुरता वापरता येतो. मग प्रश्न येतो, फरक गाभ्याचा की किरकोळ?

१९८३ साली 'भरवाडा भोगिनभाई हिरजीभाई विरुद्ध गुजरात' या निकालात न्यायमूर्ती ठक्कर यांनी याचं फार चांगलं विवेचन केलं आहे. माणसाची स्मरणशक्ती म्हणजे व्हिडिओ टेप नव्हे. अनपेक्षित प्रसंगात एकाचं लक्ष एका गोष्टीकडे जातं, दुसऱ्याचं दुसरीकडे. वेळ किती झाला याचा अंदाज सगळ्यांचाच चुकतो. कोर्टातल्या वातावरणाने आणि तिरकस प्रश्नांनी सामान्य माणूस गांगरतो. म्हणून गाभा शाबूत असेल तर कडेचे तपशील हलले तरी साक्ष टाकून देऊ नये. शिवाय पीडित स्त्रीच्या साक्षीला दुसऱ्या पुराव्याची पुष्टी हवीच असा हट्ट धरणं म्हणजे जखमेवर अपमान.

हा निकाल योग्यच होता, पण त्यातला एक धागा आपल्यासारख्या परदेशस्थांनी जरूर वाचावा. कोर्टाचं म्हणणं असं की पाश्चात्त्य देशांतल्या बाईच्या बाबतीत खोट्या आरोपाची शंका घेता येईल, पण भारतातली परंपरा, अब्रू, लग्नाची चिंता पाहता इथली मुलगी असा आरोप खोटा का करील? म्हणजे मुलीवर विश्वास ठेवला, पण ती 'भारतीय' म्हणून! मग इथे वाढलेल्या आपल्या लेकीचं काय? ती जीन्स घालते, डॉर्मवर राहते, पार्टीला जाते. अब्रूच्या कल्पनेवर उभा केलेला विश्वास अब्रूच्याच कल्पनेने काढूनही घेता येतो, हे मथुरा प्रकरणात दिसलं होतंच. दोन्हीकडे साक्ष बाजूला राहते आणि बाईचं 'वळण' तोललं जातं.

१९९६ चा 'पंजाब विरुद्ध गुरमीत सिंग' हा निकाल आम्हाला त्याहून भक्कम वाटतो. दहावीच्या परीक्षेचा भूगोलाचा पेपर देऊन जाणाऱ्या मुलीला मोटारीत घालून पळवलं. खालच्या कोर्टाने सोडून दिलं, आणि कारणांपैकी एक काय? तिला फियाट, अँबॅसडर आणि मास्टर या गाड्यांतला फरक सांगता येईना! खेड्यातली मुलगी, १९८४ साल, तोंड दाबून गाडीत कोंबलेली. तिने गाडीचा मेक पाहायचा होता म्हणे. सुप्रीम कोर्टाने हे कारण झटकून टाकलं आणि आरोपींना दोषी ठरवलं. तक्रारीला उशीर झाला याचंही उत्तर दिलं: अशा वेळी घरचे आधी विचार करतात, घाबरतात, गावपातळीवर मिटवायला पाहतात. उशीर का झाला याचं पटणारं कारण रेकॉर्डवर असेल तर उशीर घातक नाही.

'सवय होती' हा सत्र न्यायालयाचा शेरा मात्र जायला फार वर्षं लागली. पीडितेचं चारित्र्य काढून तिची साक्ष खोडण्याची मुभा देणारं पुरावा कायद्यातलं कलम २००३ च्या दुरुस्तीने गेलं. कुप्रसिद्ध 'टू फिंगर' चाचणी २०१३ मध्ये सुप्रीम कोर्टाने चुकीची ठरवली, तरी ती चालूच राहिली. शेवटी ३१ ऑक्टोबर २०२२ ला झारखंडच्या एका प्रकरणात कोर्टाने सांगितलं की यापुढे ही चाचणी करणारा गैरवर्तनाचा दोषी धरला जाईल. त्या प्रकरणात खालच्या कोर्टाने शिक्षा दिली होती, उच्च न्यायालयाने सोडलं होतं आणि सुप्रीम कोर्टाने मुलीच्या मृत्यूपूर्व जबानीवर विश्वास ठेवून शिक्षा पुन्हा कायम केली.

दुसरी बाजू

मुलगे असलेले वाचक इथवर अस्वस्थ झाले असतील. त्यांचाही प्रश्न खरा आहे. पुष्टी लागत नाही म्हणजे आरोप केला की शिक्षा, असं नाही. २००८ च्या 'राजू विरुद्ध मध्य प्रदेश' या निकालात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट म्हटलं आहे की पीडितेच्या साक्षीला मोठं वजन आहे, पण ती नेहमीच पूर्ण खरी असं गृहीत धरता येत नाही, कारण खोटा आरोपही माणसाला उद्ध्वस्त करतो. २०१२ च्या 'राय संदीप' निकालात एकट्या साक्षीवर शिक्षा द्यायची तर ती कशी हवी ते सांगितलं: पहिल्या तक्रारीपासून शेवटच्या प्रश्नापर्यंत गाभा एकच, उलटतपासणीत टिकणारी, आणि बाकीच्या पुराव्याशी जुळणारी. तशी नव्हती म्हणून त्या प्रकरणातले आरोपी सुटले.

आणि रेकॉर्डच चुकीचं असेल तर? न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये १९८९ साली धावायला गेलेल्या एका स्त्रीवर भयंकर अत्याचार झाला. पाच कृष्णवर्णीय आणि लॅटिनो मुलांना शिक्षा झाली, मुख्यतः पोलिसांनी तासन्‌तास चौकशी करून मिळवलेल्या कबुलीजबाबांवर. त्यांच्यातल्या एकाचं अपील १९९३ मध्ये राज्याच्या सर्वोच्च कोर्टानेही फेटाळलं. लॉग फाइलमध्ये कबुली होती, कोर्टाने ती वाचली. २००२ साली भलत्याच माणसाने गुन्हा कबूल केला, डीएनए त्याच्याशी जुळला आणि पाचही शिक्षा रद्द झाल्या. हे अपिलातून झालं नाही, नव्या पुराव्यावर केलेल्या वेगळ्या अर्जातून झालं. अपिलाची मर्यादा इतक्या स्पष्टपणे दाखवणारं दुसरं उदाहरण आम्हाला माहीत नाही.

पुरावा मान्य, तरी शिक्षा कमी

कधीकधी वाद पुराव्याचा नसतोच. जानेवारी २०२१ मध्ये नागपूर खंडपीठाच्या एका निकालाने आपल्या सगळ्यांच्या घरी संताप झाला होता. बारा वर्षांच्या मुलीला पेरूचं आमिष दाखवून घरात नेऊन छातीला हात लावल्याचं प्रकरण. मुलगी खरं सांगते हे उच्च न्यायालयाने मान्य केलं. पण पॉक्सो कायद्यातला 'लैंगिक हल्ला' व्हायला त्वचेचा त्वचेशी संपर्क हवा असा अर्थ लावून त्या कलमातून सोडलं आणि कमी शिक्षेच्या कलमाखाली दोषी धरलं. सुप्रीम कोर्टाने आठवड्याभरात स्थगिती दिली आणि १८ नोव्हेंबर २०२१ ला तो निकाल रद्द केला: कायद्यात हेतू महत्त्वाचा, मधे कापड होतं की नाही हे नव्हे. बातमी वाचताना म्हणून आधी बघावं की वाद 'काय घडलं' याचा आहे की 'जे घडलं त्याला कायद्यात काय म्हणतात' याचा. दुसऱ्या प्रकारात वरचं कोर्ट खालच्याला अजिबात मान देत नाही. कायद्याचा अर्थ त्यांचाच.

घरासाठी थोडं कामाचं

जे रेकॉर्डवर येतं तेच वरपर्यंत टिकतं, यातून काही गोष्टी आपोआप निघतात. पहिला जबाब देताना आठवतं तेवढंच सांगावं. आठवत नसेल तर "आठवत नाही" म्हणावं. अंदाजाने सांगितलेली वेळ दोन वर्षांनी उलटतपासणीत समोर येते. इंग्रजीत नीट सांगता येत नसेल तर दुभाषा मागावा, नवऱ्याने किंवा दिराने भाषांतर करू नये. ज्या व्यक्तीला सगळ्यात आधी सांगितलं, मैत्रीण असो वा वहिनी, तिची साक्ष पुढे मोलाची ठरू शकते. मेसेज, ईमेल पुसू नयेत, अगदी स्वतःला लाजिरवाणे वाटणारे सुद्धा. कपडे धुऊ नयेत, शक्यतो कागदी पिशवीत ठेवावे.

अमेरिकेत हॉस्पिटलमधली फॉरेन्सिक तपासणी फुकट असते आणि त्यासाठी पोलिसात तक्रार करावीच लागत नाही. तक्रारीचा निर्णय नंतर घेता येतो, नमुने मात्र वेळेत घ्यावे लागतात. मुदत राज्यागणिक वेगळी, साधारण तीन ते पाच दिवस. रात्री-अपरात्री कुणाशी बोलायचं असेल तर रेन या संस्थेची राष्ट्रीय हेल्पलाइन चोवीस तास चालू असते: १-८००-६५६-४६७३.

एच-फोर वर आलेल्या भगिनींना "तक्रार केली तर व्हिसा जाईल" अशी भीती घातली जाते, कधीकधी घरातूनच. लैंगिक अत्याचाराची शिकार झालेल्या आणि तपासात मदत करणाऱ्या व्यक्तीसाठी 'यू व्हिसा' असतो, आणि तो नवऱ्याच्या नोकरीवर अवलंबून नसतो. वर्षाला दहा हजारांचीच मर्यादा असल्याने रांग काही वर्षांची आहे, आणि त्यासाठी पोलिसांचं किंवा सरकारी वकिलाचं प्रमाणपत्र लागतं. ते प्रमाणपत्र आरोपीला शिक्षा झाली तरच मिळतं असं नाही; खटला उभा राहिला नाही तरी, किंवा पुढे अपिलात शिक्षा रद्द झाली तरी, तिने केलेली मदत ही मदतच धरली जाते.